पंच क्रमांक दोन

मी गव्हाला गेले होते. पंच व्हायला नाही.
पिशवीत पिशवी, केशरी कार्ड,
मुठीत दोन रुपये किलोच्या हिशेबानं मोजलेली चिल्लर.
भवानी पेठेत, पिठाच्या गिरणीला लागून,
मुथाशेठच्या दुकानापुढं जीप उभी.
आत गायधनीबाई, पुरवठा निरीक्षक.
हमाल घामानं निथळत पोती पुन्हा लावतोय
आणि फळ्यावरचा खडूचा आकडा
काही केल्या पोत्यांशी जुळत नाही.

"लिहितावाचता येतं का?"
अक्षर लागतं, म्हटलं. सही जमत नाही.
"चालेल. इथं उभ्या राहा."

पंच क्रमांक एक, अझीम तांबोळी, रिक्षाचालक.
पंच क्रमांक दोन, नरसाबाई व्यंकटेश येमूल,
विडी कामगार, वय बावन्न.
गहू तीन क्विंटल चाळीस किलो कमी.
आम्हां पंचांसमक्ष.
समक्ष, हा शब्द तेव्हापासून
जिभेवर फिरतोय, भातातल्या खड्यासारखा.

मग म्हणाल्या, अंगठा द्या.
माझा अंगठा!
पस्तीस वर्षं तेंदूच्या पानावर घासून
पार गुळगुळीत झालेला.
शेठच्या मशीनला तो कधी पटला नाही.
लाल दिवा. पदराला पुसा. पुन्हा लाल.
सरकारी कागदावर मात्र
पहिल्या दाबाला उमटला, निळाशार.
हा कुणाचा, असं कागदानं विचारलं नाही.

आता सांगते, तेव्हा गप्प बसले.
मशीननं परत पाठवलेल्यांना
शेठ दुपारी मागच्या दारानं द्यायचा,
लाल वहीत टिपून.
त्या तीन क्विंटल चाळीसमधला वीस किलो गहू
माझ्या पत्र्याच्या डब्यात होता,
वर कडुनिंबाचा पाला टाकून.
मी पंच, आणि मीच तूट.

तोही काही धुतल्या तांदळाचा नव्हता.
रात्री साडेनवाला इडलीवाल्याची सायकल
हलकी यायची, जड जायची. पाहिलंय मी.
पण इडलीला किती आणि आम्हांला किती,
असा रकाना पंचनाम्यात नव्हता.

परवाना निलंबित. मग रद्द.
मग उपायुक्तांकडं अपील, स्थगिती,
स्थगिती उठली,
मुंबईला मंत्र्यांकडं अर्ज,
तिथून कागद परत: नव्यानं चौकशी करावी.
दरम्यान दुकान बचत गटाला मिळालं,
त्यावर दुसऱ्या बचत गटाची हरकत.
दरम्यान शेठ गेला.
धाकट्यानं वारस म्हणून अर्ज केला,
थोरल्यानं त्याच खिडकीवर हरकत घेतली,
दोघांचा स्टँप वेंडर एकच.
आणि आमची कार्डं
गंज पेठेत, मग काशेवाडीत, मग नाल्यापलीकडं.
निकाल कुणाच्याही बाजूनं लागो,
पिशवी थोडी आणखी लांब न्यायची.

सात वर्षांनी मला नोटीस.
"पोती तुमच्यासमोर मोजली?" हो.
"तुम्ही मोजलीत?" नाही.
"मग कमी होती, हे कशावरून?"
कमी तर नेहमीच असायचं, साहेब.
टायपिंगवाला थांबला. हे घेऊ?
साहेब म्हणाले, नको, असंबद्ध आहे.

बाहेर जिन्यात शेठचा धाकटा भेटला.
बगलेत फाइल, फाइलमध्ये ती लाल वही.
"मावशी, तुमच्या नावावर वीस किलो आहे.
चाळीस रुपये बाकी."
मी कमरेची पिशवी सोडली, नोटा पुढं केल्या.
त्यानं हात मागं घेतला.
"आत्ता नाही घेता येणार.
वही पुराव्यात दिलीय."

त्या चार नोटा
कार्डाच्या प्लास्टिकात ठेवल्यात.
वर दुकान क्रमांक लिहायची जागा आहे,
तीनदा खोडून तिथं भोक पडलंय.
भोकातून दहाचा आकडा दिसतो.